भिंत काढून गर्डर टाकायचाय? लोड, स्पॅन आणि टेकूंचा पूर्ण हिशोब

"साहेब, बारा फुटाला कोणता गर्डर चालेल?" आठवड्यातून एकदा तरी हा फोन येतो. कधी घरमालक विचारतात, कधी फॅब्रिकेटर, कधी नुकताच साइटवर लागलेला एखादा इंजिनिअर. मी दर वेळी उलट विचारतो, "बारा फुटांवर ठेवायचंय काय?" कारण तोच दहा इंची गर्डर पत्र्याच्या शेडखाली वीस फूटसुद्धा निभावून नेतो आणि दुमजली घराच्या भिंतीखाली बारा फुटांत कमी पडतो. फूट सांगून गर्डर ठरत नाही. आधी लोड (वर येणारं वजन), मग स्पॅन (दोन टेकणींमधलं अंतर), मग सेक्शन (गर्डरचं माप), आणि सेक्शन ठरल्यावर टोकं.

काही वर्षांपूर्वी असंच एक घर पाहायला गेलो होतो. तळमजला आणि वर एक मजला, नऊ इंची विटांच्या भिंती, वर स्लॅब. हॉल मोठा करण्यासाठी मधली भिंत काढून आठ इंची दोन गर्डर टाकले होते. काम होऊन तीन महिने झाले होते. वरच्या खोलीचं दार खाली घासत होतं आणि चौकटीच्या कोपऱ्यातून एक तिरकी चीर वर गेली होती. चिरेत पंचवीस पैशांचं जुनं नाणं आडवं बसावं एवढी ती रुंद नव्हती, पण पोस्टकार्ड सहज आत जात होतं. खाली गर्डरच्या दोन टोकांना दोरी ताणली. मधोमध गर्डर दोरीखाली १६ मिमी उतरलेला निघाला. मोडलं काहीच नव्हतं, म्हणून कुणाला काळजीही नव्हती. त्याच घराची मापं घेऊन खाली सगळा हिशोब मांडतो, म्हणजे कुठे चुकलं ते आकड्यांतच दिसेल.

एक गोष्ट आधीच. हा हिशोब समजून घेतल्यावर तुम्हाला इंजिनिअरला नेमके प्रश्न विचारता येतील आणि गवंडी "अंदाजाने" काही करू लागला तर त्याला थांबवता येईल. सही मात्र परवानाधारक स्ट्रक्चरल इंजिनिअरचीच हवी. महापालिकेची किंवा नगरपालिकेची परवानगी, आणि सोसायटी असेल तर तिची लेखी संमती, हे सगळं छिन्नी लावण्याआधी.

पायरी १: भिंत पेलते काय ते शोधा

आरसीसी फ्रेमच्या इमारतीत, म्हणजे कॉलम-बीम असलेल्या इमारतीत, बहुतेक भिंती नुसत्या पडद्यासारख्या असतात. भार बीमवर आणि कॉलमवर जातो. लोड-बेअरिंग घरात उलट: स्लॅब थेट भिंतीवर टेकलेला असतो. ओळखायचं कसं? छताला भिंतीलगत खाली उतरलेला बीम दिसतो का ते पाहा. भिंतीची जाडी मोजा. नऊ इंची किंवा त्याहून जाड असेल आणि वरच्या मजल्यावर बरोबर तिच्याच डोक्यावर दुसरी भिंत असेल, तर ती भार पेलतेय असंच धरा. साडेचार इंची आहे म्हणून निर्धास्त होऊ नका. जुन्या घरांत साडेचार इंची भिंतीवरही स्लॅब टेकवलेले मी पाहिले आहेत.

मराठवाड्यात आणि सोलापूरकडे जुन्या घरांना गर्डर आणि त्यावर शहाबादी फरशी असं छत असतं. तिथे छतातले गर्डर कोणत्या दिशेने टाकलेत ते पाहावं. ज्या भिंतींवर त्यांची टोकं शिरलीत त्या भार पेलणाऱ्या. समांतर जाणाऱ्या भिंतींवर छताचा भार फारसा येत नाही, पण वरचा मजला असेल तर त्याची भिंत येते.

गच्चीवर पाण्याची टाकी कुठे आहे तेही याच वेळी बघून घ्या. हजार लिटर म्हणजे एक टन पाणी, चार छोट्या पायांवर.

पायरी २: एका मीटरवर किती वजन येतंय ते मोजा

घाई करायला सगळ्यात वाईट जागा हीच. आमच्या घराची मापं अशी होती: भिंतीच्या एका बाजूची खोली ३.३ मीटर, दुसऱ्या बाजूची ३.० मीटर. स्लॅब त्या भिंतीवर आडवे टेकलेले. प्रत्येक खोलीचा निम्मा भार मधल्या भिंतीवर येतो, म्हणून भार येणारी रुंदी १.६५ अधिक १.५, म्हणजे ३.१५ मीटर.

आता थर वरून खाली मोजू. आकडे किलोन्यूटनमध्ये आहेत. एक किलोन्यूटन म्हणजे साधारण १०० किलो.

गच्ची: स्लॅब १२५ मिमी जाड. आरसीसीचं वजन घनमीटरला २५ किलोन्यूटन, म्हणजे चौरस मीटरला ३.१. त्यावर वॉटरप्रूफिंगचा वीटबंद कोबा सुमारे २. वापरातल्या गच्चीसाठी चल भार, म्हणजे माणसं-सामान असं येणारं-जाणारं वजन, १.५. एकूण ६.६. त्याला ३.१५ ने गुणलं की २०.९ किलोन्यूटन प्रति मीटर.

पहिल्या मजल्याचा स्लॅब: ३.१, त्यावर लादी आणि तिच्याखालचा मसाला व खालचं प्लास्टर मिळून १. राहत्या खोलीचा चल भार २, हा आयएस ८७५ या भारतीय मानकाच्या दुसऱ्या भागातला आकडा. एकूण ६.१, आणि ३.१५ ने गुणून १९.३.

वरची भिंत: २३० मिमी जाड, ३ मीटर उंच, वीटकामाचं वजन घनमीटरला २०. झाले १३.८. दोन्ही बाजूंचं प्लास्टर धरून १५.२.

गर्डरचं स्वतःचं वजन आणि त्याभोवतीचं काँक्रीट: १.

बेरीज ५६.४ किलोन्यूटन प्रति मीटर. दर मीटरला साडेपाच टनांहून जास्त. बारा फुटांच्या त्या उघड्या जागेवर वीस टन वजन टांगलेलं असतं. हे ऐकल्यावर घरमालकांचा चेहरा बदलतो आणि तो बदलावाच, कारण भरल्या ट्रकएवढं ते वजन त्यांच्या जेवणाच्या टेबलावर आहे.

दुकान किंवा गोदाम असेल तर चल भार खूप वाढतो. किरकोळ दुकानासाठी चौरस मीटरला ४ धरतात. कागद, पुस्तकं, टाइल्सची खोकी रचून ठेवायची असतील तर तोही पुरत नाही. पोटमाळ्याला "नुसतं सामान ठेवायला" म्हणणारे लोक तिथे नेमकं सगळ्यात जड सामान ठेवतात, म्हणून पोटमाळ्याच्या कामात कसलं सामान आणि किती उंच रचणार ते मी आधी लिहून घेतो.

पायरी ३: स्पॅन नेमका मोजा

उघडी जागा ३.६ मीटर. पण गर्डरचा हिशोब टेकणीच्या मध्यापासून टेकणीच्या मध्यापर्यंत करायचा. दोन्ही बाजूंना २५० मिमी टेकण धरली तर स्पॅन ३.८५ मीटर. पाव मीटरने काय फरक पडतो असं वाटतं, पण इथे स्पॅनचा वर्ग होतो. ३.६ ऐवजी ३.८५ धरल्यावर गर्डरवरचा वाकवणारा जोर १४ टक्क्यांनी वाढला.

पायरी ४: ताकद पुरते का?

सारख्या पसरलेल्या भाराखाली दोन टोकांवर नुसत्या टेकलेल्या गर्डरचं सूत्र पाठच असावं: भार गुणिले स्पॅनचा वर्ग, भागिले ८. आपल्या घरात ५६.४ × ३.८५ × ३.८५ ÷ ८ = १०४.५ किलोन्यूटन-मीटर. हा झाला बेंडिंग मोमेंट, म्हणजे गर्डरला वाकवणारा जोर. पोलादी बांधकामाचं भारतीय मानक आयएस ८००, २००७ ची आवृत्ती, भाराला १.५ ने वाढवायला सांगते. म्हणजे १५७.

आता गर्डर किती पेलतो? त्याच्या प्लास्टिक सेक्शन मॉड्युलसला (आकारावरून ठरणारा, वाकण्याला होणारा विरोध दाखवणारा आकडा) पोलादाच्या यील्ड ताकदीने (ज्या ताणाला पोलाद कायमचं वाकू लागतं तो) गुणायचं आणि १.१ ने भागायचं. साध्या ई २५० पोलादाची यील्ड ताकद २५० न्यूटन प्रति चौरस मिमी. (फ्लँज, म्हणजे गर्डरची वरची-खालची आडवी पट्टी, २० मिमीपेक्षा जाड असेल तर २४० धरतात.) मॉड्युलस कोष्टकात मिळतो. त्यावरून येणारी ताकद अशी (आयएसएमबी म्हणजे भारतीय मानकाचा मध्यम वजनाचा गर्डर, पुढचा आकडा त्याची मिमीतली उंची):

आयएसएमबी २००: ५८ किलोन्यूटन-मीटर
आयएसएमबी २५०: १०६
आयएसएमबी ३००: १४८
आयएसएमबी ३५०: २०२
आयएसएमबी ४००: २६७

आपल्याला १५७ हवेत. दोन २०० चे, म्हणजे आठ इंची, गर्डर मिळून ११५. इथेच त्या घराचं गणित चुकलं होतं. घर पडलं नाही कारण १.५ च्या वाढीत ठेवलेली राखीव जागा सगळी वापरली गेली होती. एखाद्या लग्नाला वरच्या मजल्यावर पन्नास माणसं जमली असती किंवा गच्चीवर वाळूचा ढीग पडला असता, तर काय झालं असतं याचा विचार मला आजही नकोसा वाटतो.

एकटा ३०० चा गर्डर १४८, थोडक्यात नापास. थोडक्यात नापास म्हणजे नापासच. "एवढं चालतं" म्हणणाऱ्याला विचारा की वजन मोजताना तुम्ही काही सोडलंय का. बहुतेक वेळा काहीतरी सुटलेलंच असतं.

शिअरची, म्हणजे टोकाजवळ गर्डरला उभं कापू पाहणाऱ्या जोराची, तपासणीही करतात, पण घरगुती कामात आयएसएमबी सेक्शन त्यात क्वचितच अडकतो. आपल्या दोन २५० च्या गर्डरांची शिअर ताकद लागणाऱ्या जोराच्या पावणेतीन पट आहे. अगदी लहान स्पॅनवर फार मोठा एकवटलेला भार असेल तेव्हाच तिथे थांबून पाहावं, आणि टोकाला वेबच्या (गर्डरच्या मधल्या उभ्या पट्टीच्या) दोन्ही बाजूंना स्टिफनर प्लेट लावाव्यात.

पायरी ५: वाकतो किती?

ताकदीत पास झालेला गर्डर वाकण्यात नापास होऊ शकतो. विटांची भिंत वाकत नाही, ती चिरते. म्हणून आयएस ८०० मध्ये चिरणाऱ्या गोष्टी पेलणाऱ्या मजल्याच्या गर्डरला स्पॅन भागिले ३६० अशी मर्यादा दिली आहे. तीत मुख्यतः चल भाराने येणारा वाक पाहतात. जुनी भिंत डोक्यावर घेणाऱ्या गर्डरसाठी मी संपूर्ण भाराचा वाकही त्याच मर्यादेत बसवतो. पोलाद थोडं जास्त लागतं, पण वरच्या मजल्यावर चीर येत नाही.

आपली मर्यादा: ३८५० ÷ ३६० = १०.७ मिमी.

दोन २०० चे गर्डर: १८ मिमी. (चल भार पूर्ण नव्हता म्हणून दोरीखाली १६ सापडले.)
दोन २२५ चे: ११.७ मिमी. ताकदीत जेमतेम पास, वाकण्यात नापास.
एक ३००: ९.४ मिमी. वाकण्यात पास, ताकदीत नापास.
दोन २५०: ७.९ मिमी. दोन्हींत पास.
एक ३५०: ५.९ मिमी. दोन्हींत पास.

आता निवड दोघांत. एका ३५० चं वजन मीटरला ५२ किलो, दोन २५० चं ७५ किलो. नुसता पोलादाचा खर्च पाहिला तर एकटा ३५० स्वस्त. तरीही मी दोन २५० घेतो. त्याची फ्लँज १२५ मिमी, म्हणजे दोन शेजारी ठेवले की २५० मिमी आणि प्लास्टरसकट नऊ इंची भिंत तेवढीच असते. वरची भिंत पूर्ण रुंदीत टेकते. ३५० ची फ्लँज १४० मिमी, तिच्यावर २३० ची भिंत दोन्ही बाजूंनी लोंबते, मग वर जाड प्लेट वेल्ड करा, खाली डोक्याला चार इंच उंची कमी. आणि जोडीचा सगळ्यात मोठा फायदा बसवताना कळतो. तो पायरी ९ मध्ये.

स्पॅन आणि पेलण्याचं नातं

खालचे आकडे ताकद आणि स्पॅन भागिले ३६० हे दोन्ही पाळून काढलेले, प्रति मीटर किलोन्यूटनमध्ये, गर्डरच्या स्वतःच्या वजनासकट आहेत. वरची फ्लँज स्लॅबने किंवा भिंतीने पूर्ण लांबीभर धरून ठेवलेली आहे असं गृहीत आहे.

२०० चा गर्डर: ३ मीटरला ३४, ४ मीटरला १४, ५ मीटरला ७.
२५० चा: ३ मीटरला ६२, ४ ला ३४, ५ ला १७, ६ ला १०.
३०० चा: ४ मीटरला ४९, ५ ला २९, ६ ला १७.
४०० चा: ६ मीटरला ३९, ८ मीटरला १७.

२५० च्या ओळीकडे पुन्हा पाहा. ३ मीटरचे ६ मीटर झाले की पेलणं ६२ वरून १० वर आलं, जवळजवळ सहाव्या हिश्श्यावर. स्पॅन दुप्पट केला की बेंडिंग चौपट होतं आणि वाक सोळापट. म्हणून मोठ्या स्पॅनला प्रश्न बहुधा ताकदीचा नसतो, वाकण्याचा असतो. जास्त ताकदीचं पोलाद आणूनही तिथे उपयोग होत नाही, कारण वाकण्याचा जडपणा सगळ्या पोलादांचा सारखाच. तिथे उंच सेक्शन घ्यावा लागतो, किंवा मध्ये एक खांब.

पायरी ६: वरची पट्टी मोकळी असेल तर?

पोटमाळ्यासाठी, शेडमध्ये, मशीन टांगायला टाकलेल्या गर्डरमध्ये ही चूक सर्रास दिसते. गर्डर वाकतो तेव्हा वरची फ्लँज दाबली जाते. दाबलेली लांब पट्टी बाजूला पळायला बघते. प्लास्टिकची फूटपट्टी दोन्ही टोकांनी दाबून पाहा, ती कशी झटकन बाजूला वळते. गर्डरही तसाच पिळवटून कडेला पडतो.

३०० चा गर्डर, स्पॅन ६ मीटर. वर स्लॅबने धरलेला असेल तर त्याची ताकद १४८. वरची फ्लँज सहाही मीटर मोकळी सोडली तर तोच गर्डर सुमारे ५६ वर येतो. एक तृतीयांशापेक्षा किंचित जास्त. मधोमध एक आडवा गर्डर नीट जोडून वरच्या फ्लँजला धरलं, की पुन्हा १०७ च्या आसपास. एका आडव्या तुकड्याने ताकद जवळपास दुप्पट झाली. पोटमाळ्याच्या कामात प्लायवुड किंवा चेकर्ड प्लेट नुसती ठेवलेली असते, तिने गर्डर धरला जात नाही. ती प्लेट गर्डरला वेल्ड केलेली किंवा बोल्ट केलेली हवी, आणि ठरावीक अंतरावर आडवे गर्डर हवेत.

पायरी ७: टोकं

गर्डर निवडताना सगळ्यांचं लक्ष मधोमध असतं, पण घर बहुतेक वेळा टोकाला दुखतं.

आपल्या गर्डरच्या प्रत्येक टोकाला ५६.४ × ३.८५ ÷ २, म्हणजे १०९ किलोन्यूटन येतात. अकरा टन. ते २५० बाय २३० मिमीच्या विटांवर ठेवले तर ताण येतो १.९ न्यूटन प्रति चौरस मिमी. जुन्या साध्या वीटकामावर मी ०.५ च्या पुढे जात नाही. चुन्यातलं काम असेल तर त्याहूनही खाली. म्हणजे जवळजवळ चौपट ओझं. सुरुवातीला वीट ऐकू येणार नाही इतक्या हलक्या आवाजात चुरते, मग टोक दबतं, मग वर चीर.

काँक्रीटचा बेडब्लॉक टाकून भार पसरवायचा तर ०.५ च्या हिशोबाने तो ९५० मिमी लांब लागेल. आणि इथे एक बारकावा आहे. भिंतीच्या कापलेल्या कडेवर गर्डर ठेवला तर तो ब्लॉकच्या मध्यावर येत नाही, एका टोकाला येतो. भार सारखा पसरत नाही, कडेच्या विटा पुन्हा जास्तच दाबल्या जातात. म्हणून एवढ्या भाराला माझा सल्ला स्पष्ट असतो: दोन्ही टोकांना खांब उभे करा, आरसीसीचे किंवा पोलादाचे, आणि त्यांना स्वतःचा पाया द्या.

पायाचं कारण साधं आहे. पूर्वी हे वीस टन बारा फूट लांब पायात पसरत होते. आता तेच दोन ठिकाणी एकवटलेत. जमीन चौरस मीटरला १०० किलोन्यूटन पेलत असेल तर खांबाच्या वजनासकट १.१ बाय १.१ मीटरचं फूटिंग लागतं. मुरूम चांगला असेल तर लहानही चालेल. काळी माती असेल तर आकाराच्या आधी खोलीचा विचार करा. ती पावसाळ्यात फुगते आणि उन्हाळ्यात आकसते, तिच्यावर वरवर ठेवलेलं फूटिंग घराबरोबर हलत राहतं. खड्डा खणल्यावर इंजिनिअरला माती दाखवल्याशिवाय काँक्रीट टाकू नका. जुन्या पायाच्या खाली उतरून खणायचं असेल तर एका वेळी एकच खड्डा.

बाजूला भिंतही शिल्लक राहू द्या. लोड-बेअरिंग घरात भिंती नुसता भार पेलत नाहीत, भूकंपात घर आडवं हलतं तेव्हा तेच हादरे त्या अडवतात. या कोपऱ्यापासून त्या कोपऱ्यापर्यंत पूर्ण भिंत साफ केली तर खाली कितीही मोठा गर्डर असला तरी तो आडवा आधार गेलेला असतो.

पायरी ८: माल घेताना

दुकानात "अडीचशेचा एमबी" म्हणून मागितल्यावर जे येतं ते मोजून घ्या. उंची २५० मिमी, फ्लँज १२५, फ्लँजची जाडी साडेबारा, वेब सुमारे ७ मिमी. व्हर्नियर लावा. आणि वजन करा. ४.१ मीटरचा तुकडा १५३ किलोच्या आसपास भरला पाहिजे. उंची बरोबर पण वजन बरंच कमी, असा माल बाजारात मिळतो, आणि कमी वजन म्हणजे पातळ फ्लँज, म्हणजे थेट कमी ताकद. पोलाद किलोवर विकत घेत असल्यामुळे हलका गर्डर स्वस्तात पडल्यासारखा वाटतो. टेस्ट सर्टिफिकेट मागा आणि त्यावरचा हीट नंबर (पोलादाच्या त्या वितळणीचा क्रमांक) मालावरच्या खुणेशी जुळतो का पाहा.

दोन उरलेले तुकडे मधोमध वेल्ड करून एक लांब गर्डर बनवू देऊ नका. सगळ्यात जास्त ताण मधोमधच असतो. बारा मीटरच्या लांबीतून आपला तुकडा सलग निघतो.

पाडकामातला जुना गर्डर मिळत असेल तर? मुंबई-पुण्याच्या जुन्या इमारतींतून निघालेल्या काही गर्डरांवर डॉर्मन लाँगसारख्या इंग्रजी कारखान्यांची नावं उठवलेली असतात. ते इंचांच्या मापातले, त्यांना आजचं कोष्टक लावू नये. सेक्शन प्रत्यक्ष मोजून हिशोब करावा आणि पोलादाचा नमुना तपासून घ्यावा. गंज पाहायला नुसतं डोळ्यांनी बघू नका. हातोडीने फ्लँज ठोका. चांगल्या पोलादाचा आवाज खणखणीत येतो. गंजलेल्या जागी आवाज बसतो आणि पापुद्रे निघतात, काळे-तांबूस, कांद्याच्या सालीसारखे एकावर एक. ते खरवडून खालची शिल्लक जाडी मोजा. २५० च्या गर्डरची वरची आणि खालची फ्लँज बाहेरून दोन-दोन मिमी खाल्ली गेली असेल, तर त्याचा जडपणा १५ टक्क्यांनी गेला. टोकं तर आधी बघा. भिंतीत गाडलेलं टोक ओलाव्याने सगळ्यात जास्त खातं आणि बाहेरून दिसत नाही.

पायरी ९: टेकू आणि गर्डर चढवणं

घाईत अपघात होतात ते इथेच, म्हणून या दिवशी मी साइट सोडत नाही.

आधी भिंतीच्या दोन्ही बाजूंना, भिंतीपासून दोन फूट सोडून, दोन्ही मजल्यांवर प्रॉपची (उंची कमी-जास्त करता येणाऱ्या लोखंडी टेकूंची) रांग. वरच्या मजल्यावरचे प्रॉप बरोबर खालच्या प्रॉपच्या डोक्यावर हवेत, नाहीतर मधला स्लॅब वाकतो. डोक्यावर आणि पायाखाली सलग फळी किंवा चॅनेल. आपल्या घरात खालच्या एकेका रांगेवर मीटरला २२ किलोन्यूटन येतात. प्रॉप पाऊण मीटरवर ठेवले तर प्रत्येकावर दीड टनाहून जास्त. गंजलेला, वाकलेला, पिनऐवजी सळईचा तुकडा घातलेला प्रॉप यात चालणार नाही. प्रॉप जितका उंच ताणाल तितका तो कमी पेलतो, म्हणून पुरवठादाराकडून त्या उंचीची क्षमता विचारून घ्या. बांबू किंवा बल्ल्या इथे अजिबात नकोत. खाली फरशी पोकळ वाजत असेल तर जाड फळ्या टाकून भार पसरवा.

वरच्या मजल्यावर त्या दिवशी कुणीही राहू नये. कपाटं हलवा, टाकी रिकामी करा.

खांब उभे होऊन त्यांचं काँक्रीट पुरेसं जुनं झाल्यावरच भिंतीला हात. आता जोडीचा फायदा. स्लॅबच्या लगेच खाली, भिंतीच्या एका बाजूने निम्म्या जाडीची आडवी खाच घ्या. ब्रेकर नको, ग्राइंडर आणि छिन्नी. त्या खाचेत पहिला गर्डर चढवा, टोकांखाली बेस प्लेट, आणि वर पॅकिंग करून दोन-तीन दिवस थांबा. मग दुसऱ्या बाजूने खाच, दुसरा गर्डर. अशा प्रकारे वरची भिंत एका क्षणासाठीही पूर्ण अधांतरी होत नाही. एकाच मोठ्या गर्डरसाठी ही सोय नाही. दोन्ही गर्डरांच्या वेबना आधीच भोकं पाडून ठेवलेली असावीत, मध्ये पाइपचे तुकडे घालून साधारण मीटरभर अंतरावर लांब बोल्ट आवळावेत, आणि मधली पोकळी काँक्रीटने भरावी. तसं केलं नाही तर दोन गर्डर वेगवेगळे वाकतात आणि एकावरच भार येतो.

पायरी १०: पॅकिंग, आणि मग भिंत

गर्डरची वरची बाजू आणि जुना स्लॅब यांत २५ ते ४० मिमी फट राहते. ती भरणं म्हणजेच भार प्रत्यक्षात गर्डरवर देणं. इथे ओला, पातळ माल ओतून निघून गेलेले गवंडी मी पाहिलेत. तो माल आकसतो, फट राहते, आणि टेकू काढले की घर तेवढं खाली बसतं. त्या घराच्या चिरेत थोडा वाटा या फटीचाही असणार. पोलादी पाचरी दर अर्ध्या मीटरवर घट्ट ठोकाव्यात, आणि मध्ये न आकसणारा ग्राउट किंवा मुठीत दाबला तर गोळा राहील इतका कोरडा १:३ चा मसाला लाकडी ठोकळ्याने ठोकून भरावा. पाणी मारत राहा. आठवडाभर टेकूंना हात लावू नका.

मग खालची भिंत वरून खाली, एकेक थर करत काढा. टेकू मात्र एकदम नाही. मधल्या प्रॉपपासून सुरू करून दोन्ही टोकांकडे, प्रत्येक प्रॉप अर्धा आटा सैल, पुन्हा पहिल्यापासून. प्रत्येक फेरीनंतर गर्डरखालची दोरी तपासा. आमच्या हिशोबात पूर्ण भाराला ८ मिमीच्या आत वाक होता. त्याहून जास्त उतरू लागला तर प्रॉप परत आवळा आणि इंजिनिअरला बोलवा.

गर्डर उघडा ठेवू नका. पोलाद आगीत वितळत नाही, पण ५५० अंश सेल्सियसच्या आसपास त्याची ताकद निम्म्यावर येते, आणि घरातली साधी आगही तेवढी तापते. रेड ऑक्साइडने हे थांबत नाही. जाळी गुंडाळून ५० मिमी काँक्रीट, किंवा आगरोधक बोर्ड. नंतर येणाऱ्या प्लंबरला आणि एसीवाल्याला सांगून ठेवा की फ्लँजला भोक पाडायचं नाही. अगदीच लागलं तर वेबमध्ये, उंचीच्या मधल्या भागात, आणि तेही विचारून.

शेवटी वरच्या मजल्यावर जुन्या चिरांच्या दोन्ही काठांना प्लास्टर ऑफ पॅरिसने काचेची पातळ पट्टी चिकटवा आणि शेजारी पेन्सिलीने तारीख लिहा. भिंत हलली की काच तडकते. पहिला महिनाभर दर रविवारी पाहा, मग एक पावसाळा पूर्ण जाऊ द्या. त्या घरात आम्ही पुन्हा टेकू लावून, २०० चे गर्डर काढून, दोन २५० टाकले. वरच्या खोलीच्या दाराची खालची बाजू रंधून घेतली होती, ती पट्टी परत जोडावी लागली, कारण दार आता वर उचललं गेलं होतं. काचा दोन लावल्या होत्या. पावसाळ्यानंतर दोन्ही अखंड होत्या.